अस्सलबरहुकूम नक्कल

नागपुरात सीताबर्डीच्या मुख्य रस्त्यावरून जाणाऱ्याला दुकानांच्या काचांमागे दर वर्षी नवी यंत्रे मांडलेली दिसतात. परंतु त्याच दुकानांच्या पोटमाळ्यांवर आणि मागच्या खोल्यांत जी दुरुस्तीची टेबले असतात, तेथे अंमल चालतो तो जुन्या यंत्रांचा. एखादे यंत्र बाजारातून उठले म्हणजे ते लोकांच्या घरांतूनही उठते, असे मुळीच घडत नाही. उलट त्याची विक्री थांबल्यावरच त्याच्या खऱ्या निगराणीला आरंभ होतो, आणि ती निगराणी ज्यांच्याकडे येते त्या कारागिरांपैकी मी एक आहे. रेडिओ व दूरचित्रवाणी संच यांच्या दुरुस्तीपासून माझा व्यवसाय सुरू झाला, पुढे संगणक आले, आणि गेली कित्येक वर्षे माझ्या टेबलावर ज्याची ये-जा सर्वांत अधिक आहे ते यंत्र म्हणजे सोनी कंपनीचे प्लेस्टेशन २. मालकाने पूर्वी मोल देऊन घेतलेल्या खेळांच्या डिस्कांची नक्कल करावी, आणि ती नक्कल त्याच यंत्रावर, डिस्क आत न घालता चालेल अशी व्यवस्था लावून द्यावी, हे माझ्या कामाचे एक प्रमुख अंग होऊन बसले आहे. बाहेरून पाहणाऱ्याला हे काम क्षुल्लक, क्वचित संशयास्पदही, वाटण्याचा संभव आहे. मला मात्र अनुभवाने असे पटले आहे की वस्तूविषयीची आस्था आणि मालकीबरोबर येणारी जबाबदारी या दोहोंची कसोटी जितकी या कामात लागते तितकी दुरुस्तीच्या दुसऱ्या कोणत्याही कामात लागत नाही. आणि तीच कैफियत येथे मांडावयाची आहे.

हे यंत्र जपानात ४ मार्च २००० रोजी विक्रीस आले आणि २०१३ च्या प्रारंभी त्याचे उत्पादन थांबल्याचे जाहीर झाले. तेवढ्या अवधीत त्याचे साडेपंधरा कोटींच्या वर संच जगभर गेले. आजच्या हिशेबाने पाहू गेल्यास त्याचे सामर्थ्य अगदी बेताचे. सुमारे २९५ मेगाहर्ट्झ गतीचा प्रोसेसर आणि ३२ मेगाबाइट स्मृती एवढ्या भांडवलावर त्याने आपला संसार केला. आमच्या नागपुरात प्रथम ते आखाती देशांत नोकरीला असलेल्या नातलगांच्या सामानातून आले, नंतर दुकानांत आले, आणि मग महाल, नंदनवन, जरीपटका अशा वस्त्यांतून तासाच्या हिशेबाने पैसे घेणारी जी गेम पार्लरे निघाली, त्यांच्या मार्फत ते ज्यांच्या घरी ते घेण्याची ऐपत नव्हती त्या मुलांच्याही हाती पडले. त्या काळी रस्त्यावरच्या गाड्यांवर नकली डिस्का सर्रास विकल्या जात, आणि त्या चालाव्यात म्हणून यंत्राच्या मुख्य पट्टीवर बारीक तारा जोडून एक चिप बसवली जाई. 'चिप मारलेला' ही त्या यंत्राची ओळख बाजारात आजही चालते. परंतु त्याच काळात अशीही घरे होती, की ज्यांनी वाढदिवसाला, दिवाळीच्या बोनसला किंवा परीक्षेच्या निकालाला एकेक अस्सल डिस्क, तिच्या डबीसह आणि पुस्तिकेसह, विकत घेतली आणि जपून ठेवली. माझे हे लेखन मुख्यतः त्या घरांविषयी आहे.

जपून ठेवलेली वस्तूही झिजते, ही या व्यवसायातली पहिली शिकवण होय. डिस्क वाचणारी लेन्स हे यंत्रातले सर्वांत नाजूक आणि सर्वांत लवकर थकणारे इंद्रिय. तिच्यामागच्या लेसर किरणाचा जोर वर्षानुवर्षांच्या वापराने ओसरतो, तिला सरकवणाऱ्या दांड्यांवरचे वंगण सुकते, आणि नागपूरच्या उन्हाळ्यात, जेव्हा पारा पंचेचाळीस अंशांच्या पलीकडे जातो आणि कूलरच्या वाऱ्याबरोबर धूळ व दमट हवा दोन्ही घरात शिरतात, तेव्हा या झिजेला वेग येतो. डिस्कांची गोष्टही याहून निराळी नाही. या यंत्राच्या डिस्का दोन जातींच्या असतात. ज्यांची खालची बाजू निळसर दिसते त्या सीडी, आणि ज्यांची चंदेरी दिसते त्या डीव्हीडी. डीव्हीडीत सुमारे ०.६ मिलिमीटर जाडीच्या दोन चकत्या एकमेकींस चिकटवलेल्या असून मजकुराचा थर त्यांच्या मधोमध सुरक्षित राहतो. सीडीत मात्र तो थर वरच्या छापील चित्राच्या लगेच खाली असतो, त्यामुळे लोक ज्या बाजूला निर्धास्तपणे हात लावतात नेमकी तीच बाजू तिच्या जिवावर बेतणारी ठरते. एका गृहिणीने आणलेल्या निळ्या डिस्कवर पूर्वी कोणी दुकानदाराने किमतीची चिठ्ठी चिकटवली होती. ती चिठ्ठी कोणी तरी हौसेने ओरबाडून काढली, तेव्हा तिच्याबरोबर चांदीसारखा थरही निघून आला होता. ती डिस्क मी दिव्यासमोर धरली, तर नखाएवढ्या जागेतून प्रकाश आरपार येत होता. त्या जागी जे लिहिलेले होते ते जगातल्या कोणत्याही उपायाने परत येणार नव्हते.

अशा अनेक प्रसंगांनंतर मी ग्राहकांना दुरुस्तीबरोबरच नकलेचा सल्ला देऊ लागलो. लेन्स बदलून मिळते, परंतु बाजारात मिळणारी आजची लेन्स पूर्वीच्या तोडीची असेलच याची खातरजमा कोणी देऊ शकत नाही, आणि नव्या लेन्सलाही जुन्याच, ओरखडे पडलेल्या डिस्का वाचाव्या लागतात. जिल्हाधिकारी कचेरीच्या अभिलेख कक्षात जुन्या दस्तऐवजाचे अस्सल कागद बासनात बांधून ठेवतात आणि रोजच्या कामाला अस्सलबरहुकूम नक्कल देतात, त्या शिरस्त्यात जो विवेक आहे तोच येथे लागू पडतो: अस्सल डिस्क डबीत, थंड व कोरड्या कपाटात राहावी आणि वापर नकलेचा व्हावा.

अजनीकडे राहणारे आणि रेल्वेत नोकरीला असलेले एक गृहस्थ एका पावसाळ्यात आपले सडपातळ बांध्याचे यंत्र, म्हणजे ज्याला बाजारात 'स्लिम' म्हणतात ते, आणि कापडी पिशवीत डिस्कांच्या डब्या घेऊन आले. पिशवीतून त्यांनी एकेक डबी काढून टेबलावर मांडली. त्यांत २००९ साली निघालेला, हैदराबादेत तयार झालेला 'हनुमान : बॉय वॉरियर' होता, आणि मुंबईच्या ट्राइन गेम्सने केलेला, २०१० चा 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स'ही होता.

"काका, डिस्क नुसती फिरून राहिली, उचलून काही नाही राहिली जी," ते म्हणाले.

"लेन्स बदलून पाहिली का, भाऊ?"

"मागच्या वर्षी बदलली ना. आता पोरगा म्हणते, पेन ड्राइव्हवर होते म्हणून. खरंच होते काय?"

"होते. पण डिस्क अस्सल पाहिजे, अन् तुमचीच पाहिजे."

"अस्सलच आहे जी. बिलं बी आहेत घरी."

बिले मी मागितली नव्हती. परंतु ती आपण जपून ठेवली आहेत हे सांगताना त्या गृहस्थांच्या आवाजात जो अभिमान होता, तो मला त्या दिवशीच्या मिळकतीहून अधिक मोलाचा वाटला.

'अस्सल पाहिजे आणि तुमचीच पाहिजे' ही माझी अट केवळ माझ्या मनाच्या समाधानासाठी नाही. तिला कायद्याचा आधार आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या ५२ व्या कलमात, कोणत्या कृती हक्कभंग समजल्या जाणार नाहीत त्यांची यादी दिलेली आहे. संगणकाच्या प्रोग्रॅमची प्रत ज्याच्या कायदेशीर ताब्यात आहे त्याने, ती हरवणे, नष्ट होणे वा बिघडणे यांपासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत करून ठेवणे, ही कृती त्या यादीत आहे. तसेच स्वतः कायदेशीर मार्गाने मिळवलेल्या प्रतीवरून, व्यापाराचा हेतू न ठेवता, वैयक्तिक उपयोगासाठी प्रत करण्याची मुभाही तेथेच आहे. पुढे २०१२ च्या दुरुस्तीने ६५-अ हे कलम त्या कायद्यात आले. हक्कांच्या संरक्षणासाठी बसवलेली तांत्रिक कुलपे जो कोणी हक्कभंग करण्याच्या हेतूने तोडील त्याला दोन वर्षांपर्यंत कारावास व दंड, अशी तजवीज त्यात आहे. हेतूवर दिलेला हा भर मला या कामाचा कणाच वाटतो. तीच तार, तोच प्रोग्रॅम, तीच नक्कल. परंतु स्वतःची डिस्क वाचवण्यासाठी केली तर जपणूक, आणि दुसऱ्याची मेहनत फुकट वाटण्यासाठी केली तर चोरी.

म्हणून माझ्या दुकानात काही नियम ठरून गेले आहेत, आणि ते मी प्रत्येक ग्राहकाला आरंभीच सांगतो. अस्सल डिस्क समोर आल्यावाचून नक्कल होत नाही. डिस्कवर छापलेला क्रमांक, जो आपल्याकडे आलेल्या डिस्कांवर बहुधा एसएलईएस किंवा एससीईएस या अक्षरांनी सुरू होतो, तो मी वहीत तारखेसह टिपून घेतो. नक्कल ग्राहकाच्याच पेन ड्राइव्हवर किंवा हार्ड डिस्कवर उतरते, आणि काम संपल्यावर माझ्या संगणकावरची प्रत त्याच्या देखत पुसली जाते. मी पैसे घेतो ते माझ्या श्रमाचे आणि वेळेचे, खेळाचे नव्हे. 'पाचशे जीबीत बसतील तेवढे सगळे गेम भरून द्या' अशी मागणी करणारे लोक आजही येतात, आणि त्यांत नेहमीचे, ओळखीचे, घरोब्याचेही असतात. त्यांना नकार देताना संकोच वाटतो, पण तो नकार मी देतो. ज्या अर्थी मी अस्सल डिस्क विकत घेणाऱ्याच्या हक्कासाठी भांडतो, त्या अर्थी ती डिस्क ज्यांनी श्रमाने निर्माण केली त्यांच्या हक्काकडे पाठ फिरवणे मला शोभणार नाही.

नक्कल करण्याचे पहिले पाऊल संगणकावर पडते. या यंत्राच्या डिस्कांवर एक अशी खूण उमटवलेली असते, की जी घरगुती बर्नरला कोऱ्या डिस्कवर उमटवता येत नाही, आणि ती नसेल तर यंत्र डिस्क नाकारते. परंतु डिस्कवरचा मजकूर मात्र साध्या संगणकाच्या डीव्हीडी ड्राइव्हलाही वाचता येतो. अजनीच्या गृहस्थांच्या डिस्का मी प्रथम स्वच्छ पाण्याने धुतल्या आणि मऊ सुती कापडाने मध्यापासून कडेकडे, सरळ रेषेत पुसल्या. गोल पुसल्यास एखादा ओरखडा मजकुराच्या ओळीबरोबर धावतो आणि मग तो भरून काढणे ड्राइव्हच्या आटोक्यात राहत नाही. नंतर ड्राइव्हचा वेग मुद्दाम कमी ठेवून वाचन सुरू केले. क्रिकेटची डिस्क सुरळीत उतरली. हनुमानाची डिस्क बाहेरच्या कडेजवळ अडली. ड्राइव्ह एकाच जागेवर पुन्हा पुन्हा जाऊन वाचण्याचा यत्न करू लागला, आकडा पुढे सरकेना, आणि ते गृहस्थ खुर्चीवरून उठून माझ्या खांद्यामागे येऊन उभे राहिले. काही वेळाने आकडा सरकला. परंतु सरकला म्हणून मजकूर शुद्ध उतरला असे मानून चालणे हा या कामातला सर्वांत मोठा धोका होय. म्हणून मी तीच डिस्क दुसऱ्या कंपनीच्या ड्राइव्हवर नव्याने वाचली आणि दोन्ही प्रतींची रुजवात घातली. संगणक प्रत्येक फाइलवरून एक लांबलचक अंक-अक्षरांची खूण काढून देतो. मूळ मजकुरात एका अक्षराचाही फेरफार असेल तर ती खूण पार बदलते. दोन्ही खुणा अक्षरशः जुळल्या, तेव्हा कोठे मी ती नक्कल अस्सलबरहुकूम म्हणून मान्य केली.

दुसरे पाऊल यंत्राच्या दाराशी. नक्कल तयार असली तरी ती चालवणारा प्रोग्रॅम यंत्रात शिरावा कसा, हा प्रश्न पूर्वी चिप बसवूनच सुटत असे, आणि त्यासाठी यंत्र उघडून केसाएवढ्या तारा जोडाव्या लागत. २००८ साली 'फ्री मॅकबूट' नावाचा प्रोग्रॅम आला आणि चित्र पालटले. त्याची योजना अशी: यंत्र सुरू होताना, निर्मात्यानेच ठेवलेल्या सोयीनुसार, मेमरी कार्डावर यंत्रणेची एखादी सुधारित आवृत्ती आहे काय हे पाहून घेते, आणि असल्यास तिला पुढे करते, फ्री मॅकबूट नेमका त्या जागी जाऊन बसतो. यंत्र उघडावे लागत नाही, एकही तार जोडावी लागत नाही, आणि कार्ड काढून घेतले की यंत्र पूर्ववत. आठ मेगाबाइटच्या त्या छोट्या कार्डाला 'मॅजिकगेट' नावाची संरक्षक व्यवस्था असते, तिच्यामुळे हा प्रोग्रॅम ज्या कार्डावर बसवला त्याच कार्डाशी बांधला जातो. एका कार्डावरून दुसऱ्या कार्डावर फाइली नुसत्या उतरवून काम होत नाही. प्रत्येक कार्डासाठी यंत्रावरच ती बसवणी स्वतंत्रपणे करावी लागते. याच कारणाने मी अंगावर मोठमोठे आकडे मिरवणारी हलकी कार्डे टाळतो आणि चांगल्या प्रतीचे आठ मेगाबाइटचे कार्डच वापरण्याचा आग्रह धरतो. बसवणीपूर्वी त्या कार्डावर ग्राहकाची जी जुनी नोंद असेल, म्हणजे अर्धवट राहिलेल्या स्पर्धा, जिंकलेले चषक, मुलांनी दिलेली खेळाडूंची नावे, ती सारी प्रथम पेन ड्राइव्हवर सुखरूप हलवावी, हा माझा शिरस्ता आहे. कारण डिस्क एखाद वेळी दुसरी मिळते, ही नोंद दुसरीकडे कोठेही मिळत नाही.

सर्वच यंत्रांना मात्र हा मार्ग खुला नाही. ९०००० क्रमांकाच्या मालिकेतील उत्तरकालीन यंत्रांत निर्मात्याने ती सोय काढून टाकली, आणि आपल्या बाजारात उशिरा आलेली यंत्रे असल्यामुळे माझ्या टेबलावर त्यांची संख्या बरीच असते. अजनीचे यंत्रही त्याच मालिकेतले निघाले. अशा यंत्रांच्या मालकांना बरीच वर्षे हात हलवत परत जावे लागे. पुढे २०२० च्या जून महिन्यात 'सीटर्ट' या टोपणनावाने लिहिणाऱ्या एका संशोधकाने 'फ्रीडीव्हीडीबूट' प्रसिद्ध केले. या यंत्रात चित्रपट पाहण्यासाठी जो डीव्हीडी प्लेयर दिलेला आहे, तो चित्रपटाच्या डिस्कवरील माहिती वाचताना तिची लांबी नीट तपासून घेत नाही, हे त्याने हेरले, आणि त्या फटीतून आपला प्रोग्रॅम आत जाईल अशा रीतीने एक डिस्क रचली. साध्या कोऱ्या डीव्हीडीवर ती उतरवायची, यंत्रात घालायची, आणि यंत्र तिला चित्रपट समजून उघडू लागले की दार उघडते. एवढेच की तिला वाचण्यापुरती लेन्स तरी जिवंत असावी लागते. म्हणून अजनीच्या यंत्राची लेन्स मी आधी साफ केली, दांड्यांना नवे वंगण दिले, आणि ती डिस्क तिने उचलली. एकदा दार उघडल्यावर कार्डावर अशी दुसरी व्यवस्था बसवता येते, की जी यंत्राच्या कार्ड पाहण्याच्या पडद्यावरील चिन्हाच्या वाटेने सुरू होते, आणि मग डिस्कची गरज कायमची संपते.

तिसरे पाऊल म्हणजे नक्कल चालवणे, आणि त्यासाठी 'ओपन पीएस२ लोडर' हा प्रोग्रॅम लागतो. बाजारात त्याला 'ओपीएल' म्हणतात. तो यंत्राला असे भासवतो की डिस्क आत आहे, आणि यंत्र जे जे डिस्ककडे मागते ते ते तो पेन ड्राइव्हवरून, हार्ड डिस्कवरून किंवा नेटवर्कवरून आणून देतो. पेन ड्राइव्हचा मार्ग सर्वांत स्वस्त, पण त्याला मर्यादा आहेत. यंत्राचा यूएसबी जुन्या पद्धतीचा, सेकंदाला जास्तीत जास्त बारा मेगाबिट वाहून नेणारा, म्हणजे उत्तम स्थितीतही सेकंदाला दीड मेगाबाइटच्या आत. मूळची डीव्हीडी मात्र याच्या तिपटीहून अधिक वेगाने वाचली जात असे. त्यामुळे खेळ चालतो, पण मधले चलत्चित्र अडखळते आणि आवाज तुटतो. शिवाय फॅट३२ पद्धतीच्या ड्राइव्हवर चार जीबीहून मोठी फाइल राहत नाही, तेव्हा मोठ्या खेळाचे तुकडे पाडून ते ठेवावे लागतात. आणि फाइल ड्राइव्हवर विखुरलेली असेल तर ओपीएलच्या जुन्या आवृत्त्या तिला घेतच नाहीत, म्हणून आधी ड्राइव्ह पूर्ण कोरा करून मगच एकामागून एक खेळ उतरवावे हे उत्तम. ज्यांना अडखळणे नको असेल त्यांना मी नेटवर्कचा मार्ग सुचवतो. स्लिम यंत्राला नेटवर्कची जागा मुळातच दिलेली असते. घरातल्या एखाद्या जुन्या संगणकावर नकला ठेवायच्या आणि तारेने यंत्र त्याला जोडायचे. नव्या विंडोजमध्ये त्यासाठी लागणारी जुनी फाइल-वाटपाची पद्धत सुरक्षिततेसाठी बंद ठेवलेली असते, ती आपल्या रोजच्या संगणकावर उघडून देण्यापेक्षा त्या कामापुरता वेगळा, इंटरनेटला न जोडलेला संगणक ठेवणे शहाणपणाचे.

अजनीच्या गृहस्थांना पेन ड्राइव्ह पुरेसा होता. यंत्र सुरू झाले, ओपीएलच्या यादीत त्यांच्याच डिस्कांची नावे एकाखाली एक दिसली, आणि क्रिकेटचा खेळ पहिल्याच खेपेस उघडला. हनुमानाचा पडदा मात्र काळा राहिला. अशा वेळी प्रत्येक खेळासाठी ओपीएलमध्ये सुसंगतीचे जे पर्याय दिलेले आहेत ते एकेक करून लावून पाहावे लागतात. कोणता खेळ यंत्राकडे कोणत्या क्रमाने आणि किती घाईने मागणी करतो, यावर योग्य पर्याय अवलंबून असतो. काळा पडदा, पुन्हा सुरुवात, दुसरा पर्याय, पुन्हा काळा पडदा, असे होत होत शेवटी पडदा उजळला आणि संगीत सुरू झाले. त्या गृहस्थांबरोबर आलेला त्यांचा मुलगा, जो आता महाविद्यालयात शिकतो, कंट्रोलर हाती घेऊन खाली चटईवरच बसला. वडिलांनी रिकाम्या पिशवीत डब्या पुन्हा एकेक करून भरल्या आणि मला विचारले, "आता या डिस्का कपाटात ठेवून देऊ ना जी?" मी म्हटले, "ठेवा, पण फेकू नका. नकलेचा हक्क त्या डिस्कांतून आलेला आहे."

हे काम करताना एका गोष्टीचे मला फार अगत्य वाटते. फ्री मॅकबूट काय किंवा ओपीएल काय, हे प्रोग्रॅम ज्यांनी लिहिले त्यांनी त्यांचे मोल घेतलेले नाही. ओपीएलचा मूळ मजकूरही कोणालाही वाचता येईल, सुधारता येईल असा खुला ठेवलेला आहे. यंत्राच्या अंतरंगाची माहिती त्यांना कोणी ताटात वाढून दिली नव्हती. तिचा बराचसा भाग त्यांनी निरीक्षणाने आणि चिकाटीने मिळवला. निर्मात्यालाही सामान्य प्रोग्रॅमरची ही उत्सुकता अगदीच अमान्य होती असे नाही. २००२ साली त्याने स्वतःच या यंत्रासाठी लिनक्सचा संच, चाळीस जीबीची हार्ड डिस्क, कळफलक व माउस यांसह, अनेक देशांत विक्रीस काढला होता. ज्यांनी आपले ज्ञान असे मुक्तहस्ते दिले त्यांचे ऋण फेडण्याचा एकच मार्ग माझ्यासारख्याला उपलब्ध आहे, तो म्हणजे त्या ज्ञानाचा उपयोग स्वच्छ ठेवणे. त्यांच्या साधनाने जेव्हा कोणी नकली खेळांचा गल्ला भरतो, तेव्हा तो खेळ करणाऱ्यांचे जेवढे नुकसान करतो तेवढेच या साधनाच्या नावाचेही करतो, आणि अस्सल मालकाच्या न्याय्य मागणीकडेही संशयाने पाहिले जाऊ लागते.

आणखी एक विचार अलीकडे वारंवार मनात येतो. या यंत्रावर आपल्या देशात, आपल्या माणसांनी केलेले खेळ फार थोडे आहेत. २००९ चा 'देसी अड्डा : गेम्स ऑफ इंडिया' कबड्डी, विटीदांडू आणि पतंगबाजी पडद्यावर घेऊन आला; 'हनुमान' आणि 'स्ट्रीट क्रिकेट' यांचा उल्लेख वर आलाच आहे; २०११ मध्ये 'रा.वन' चित्रपटावरचा खेळही निघाला. परदेशातल्या नामांकित खेळांच्या प्रती जगभरात असंख्य कपाटांत सापडतील, त्यांची चिंता करणारे संग्राहकही पुष्कळ आहेत. परंतु आपल्याकडे निघालेल्या या खेळांच्या अस्सल डिस्का बव्हंशी आपल्याच घरांत आहेत, आणि त्या घरांत त्यांना रद्दीच्या पलीकडे कोणी मोजत नाही. माझ्या वहीत जेव्हा अशा एखाद्या डिस्कचा क्रमांक चढतो, तेव्हा एका कुटुंबाच्या करमणुकीबरोबरच भारतात या कलेने टाकलेल्या पहिल्या पावलांपैकी एक पाऊलही राखले गेले, असे मला मनापासून वाटते. चित्रपटांच्या जतनासाठी पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय संग्रहालय उभे राहिले, तरी तोवर मूकपटांच्या काळातला फार मोठा ठेवा हातचा गेलेला होता. खेळांच्या बाबतीत तेवढी वाट पाहण्याची गरज नाही. ज्याच्या घरी डिस्क आहे तो स्वतःच आज तिचा रक्षक होऊ शकतो.

म्हणून वाचकांना माझी विनंती एवढीच आहे. तुमच्या घरात, माळ्यावरच्या खोक्यात, जर हे यंत्र आणि त्याच्या अस्सल डिस्का पडून असतील, तर त्या येत्या उन्हाळ्यापूर्वी खाली काढा. प्रत्येक डिस्क दिव्यासमोर धरून तिच्यात छिद्र पडले आहे काय ते पाहा. संगणकाच्या ड्राइव्हवर तिची नक्कल करा, दोन वेळा वाचून खुणा जुळवा, एक प्रत वेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवा, आणि मेमरी कार्डावरची नोंदही तिच्याबरोबर राखा. यंत्र कोणत्या मालिकेतले आहे ते त्याच्या अंगावरच्या चिठ्ठीवर लिहिलेले असते, ते पाहिल्यावाचून कोणतेही कार्ड विकत घेऊ नका. हे काम स्वतः करता आले तर उत्तमच. न आले तर जो कारागीर आधी तुमची अस्सल डिस्क पाहावयास मागेल त्याच्याकडेच ते सोपवा. लेन्स बदलता येते, कार्ड नवे मिळते, प्रोग्रॅम विनामूल्य आहे. परंतु डिस्कवरचा थर एकदा गेला म्हणजे त्यावर कोणत्याही कारागिराजवळ इलाज नाही.